टग कंपनी नेमकं काय विकते? टाकोमाच्या फॉस घराण्याची गोष्ट

खोल समुद्रात ताशी तीस-पस्तीस किलोमीटरने धावणारं मालवाहू जहाज बंदराच्या तोंडाशी आलं की स्वतःच्या मर्जीचं राहत नाही. याचं कारण सुकाणू. सुकाणूवरून पाणी वेगाने वाहत असेल तरच ते जहाजाला वळवतं. वेग कमी केला की त्याची पकड सुटत जाते, आणि धक्क्याला लागायचं तर वेग जवळजवळ शून्यावर आणावाच लागतो. म्हणजे जिथे सगळ्यात जास्त नेमकेपणा हवा, तिथेच जहाजाचं मुख्य साधन निकामी होतं. पंखा उलटा फिरवून थांबायला जावं, तर जहाज सरळ थांबतही नाही. पंख्याच्या फिरण्याने त्याची मागची बाजू एकीकडे सरकू लागते.

त्यात वारा. एक साधा हिशेब करून पाहू. ३०० मीटर लांब आणि पाण्यावर सरासरी ३० मीटर उंच असं कंटेनर जहाज घ्या. वाऱ्याला अडवणारी त्याची बाजू झाली ९,००० चौरस मीटर. ताशी ३६ किलोमीटरचा वारा आडवा लागला, तर या भिंतीवर सुमारे ५५ टनांचा रेटा येतो. वाऱ्याचा वेग दुप्पट झाला की रेटा चौपट होतो. आजच्या बऱ्याच जहाजांना पुढच्या बाजूला आडवा ढकलणारा पंखा असतो खरा, पण एवढ्या रेट्यापुढे तो एकटा पुरत नाही. आणि लाखभर टनांचं धूड एकदा धक्क्याकडे सरकायला लागलं की ते हळू सरकतंय याला फारसा अर्थ उरत नाही. धक्का, क्रेन आणि जहाजाचा पत्रा यांतलं काहीतरी मोडणारच.

म्हणून टग लागते, म्हणजे मोठ्या जहाजाला ओढणारी-ढकलणारी छोटी पण ताकदवान बोट. लांबी तीसेक मीटर, अंग बुटकं आणि रुंद, आणि पोटात पाच-सहा हजार अश्वशक्तीची इंजिनं. तिची ताकद मोजायची पद्धत सोपी आहे. टगला दोराने धक्क्याच्या खुंटाला बांधायचं, इंजिनाचा पूर्ण जोर लावायचा आणि दोरावर किती टनांचा ताण येतो ते पाहायचं. याला बोलार्ड पुल म्हणतात. बंदरातल्या आजच्या चांगल्या टगचा आकडा ६० ते ८० टन असतो. वरच्या हिशेबाशी ताडून पाहा: एक टग त्या वाऱ्याला जेमतेम तोलून धरेल. जहाज वळवायचं, थांबवायचं आणि अलगद टेकवायचं तर दोन-तीन टग हव्यात.

आता पैशाची बाजू. जहाजावर जोर लावण्याचं काम एका खेपेत तास-दीड तास चालतं, आणि त्यातही पूर्ण ताकद लागते ती काही मिनिटंच. बाकीचा वेळ टग उभी असते किंवा रमतगमत पुढच्या जहाजाकडे निघालेली असते. पण खलाशांचा पगार, कर्जाचा हप्ता, विमा आणि दुरुस्ती थांबत नाही. जहाज रात्री तीनला येणार असेल तर टगही रात्री तीनला तयार हवी. तेव्हा टग कंपनी ओढण्याची ताकद विकते असं वरवर वाटलं, तरी गिऱ्हाईक खरे पैसे मोजतं ते कोणीतरी सतत तयार उभं असण्याचे. हे एकदा डोक्यात बसलं की या धंद्यात घराणी का टिकली, बोटी अशा का बदलत गेल्या आणि मालकी का हलली, हे सगळं उलगडत जातं. अमेरिकेच्या वायव्य टोकाला टाकोमा बंदरात सुरू झालेल्या फॉस कंपनीच्या इतिहासात ते फार स्वच्छ दिसतं, म्हणून तीच घेऊ.

वल्ह्याच्या होड्या

१८८९ साली टाकोमा हे नुकतंच उभं राहत असलेलं गाव होतं. नॉर्दर्न पॅसिफिक रेल्वेने त्याला आपलं पश्चिमेकडचं शेवटचं ठाणं केलं होतं. आतल्या भागातला गहू आणि आजूबाजूच्या जंगलातलं लाकूड रेल्वेने आणि पाण्याने इथे यायचं आणि शिडाच्या जहाजांतून जगभर जायचं. त्याच वर्षी नोव्हेंबरात वॉशिंग्टनला राज्याचा दर्जा मिळाला.

अँड्र्यू फॉस हा नॉर्वेहून आलेला सुतार. बायको थिया, तीही नॉर्वेचीच, १८५७ साली आइड्सबर्ग इथे जन्मलेली. मिनेसोटातून हे कुटुंब टाकोमाला आलं आणि पाण्याच्या काठाशी तरंगत्या घरात राहू लागलं. अँड्र्यू बांधकामाच्या कामावर बाहेर असताना, वैतागून निघालेल्या एका मच्छीमाराकडून थियाने पाच डॉलरला एक जुनी वल्ह्याची होडी विकत घेतली. ती घासूनपुसून पांढऱ्या रंगाने रंगवली, कडेला हिरवी पट्टी ओढली आणि जास्त किमतीला विकली. आलेल्या पैशातून आणखी होड्या घेतल्या. नवरा परत आला तेव्हा त्याच्या मजुरीपेक्षा तिची कमाई जास्त होती, असं घराण्यात सांगतात. काही वर्षांत त्यांच्याकडे सुमारे दोनशे होड्या झाल्या. अँड्र्यूने सुतारकीची हत्यारं होड्या बांधण्याकडे वळवली आणि थियाने भाड्याचा व्यवहार हातात घेतला. मासे धरायला जाणारे, बदकांच्या शिकारीला जाणारे, असे लोक पहिले गिऱ्हाईक.

या भाड्याच्या होड्यांचा टगशी काय संबंध, असं कोणालाही वाटेल. संबंध बंदराच्या रचनेत आहे. त्या काळी जहाजं थेट धक्क्याला लागत नसत. माल भरायची पाळी येईपर्यंत ती कमेन्समेंट बे या खाडीत नांगर टाकून उभी राहत, कधी कधी आठवडेच्या आठवडे. जहाजावर भाजीपाला, मांस, पिण्याचं पाणी कोण पोचवणार? कप्तानाला काठावर आणि दलालाला जहाजावर कोण नेणार? किनाऱ्यावर गेलेले खलाशी रात्री परत कोण आणणार? जहाजाभोवती लहानसहान गरजांचं एक अख्खं जग असतं आणि ज्याच्याकडे होडी, तो ते जग चालवतो. पुढे जहाजांना ओढण्याची गरज वाढली तेव्हा कप्तान कोणाला हाक मारणार? ज्याच्याशी रोजचा व्यवहार आहे त्यालाच.

अमेरिकेतली बरीच टग घराणी अशीच सुरू झाली, आणि हा योगायोग वाटत नाही. सॅन फ्रान्सिस्कोत थॉमस क्रोली याने १८९२ मध्ये एका वल्ह्याच्या होडीपासूनच सुरुवात केली, जहाजांवर माणसं आणि सामान पोचवण्यासाठी. न्यूयॉर्कमध्ये आयर्लंडहून आलेल्या जेम्स मॅकॅलिस्टर याने १८६४ मध्ये एका शिडाच्या मालबोटीवर धंदा उभा केला; ती कंपनी आजही त्याच घराण्याकडे आहे. त्याच बंदरात मायकेल मोरन याने १८६३ साली एका टगमध्ये अर्धी भागी घेतली होती. भांडवल सगळ्यांकडे तुटपुंजं होतं. वेळी-अवेळी हजर राहायची तयारी मात्र भरपूर होती.

फॉस कंपनीचं ब्रीद होतं ‘सदैव तयार’. जाहिरातीतलं वाक्य म्हणून ते कोणीही लिहू शकतं. फॉस कुटुंबाला ते परवडलं, कारण त्या तयारीचा खर्च घर उचलत होतं. मालक पाण्यावरच राहत. मध्यरात्री हाक आली तर उठायला घरातलंच माणूस. मुलं चालायला लागल्यापासून होड्यांत. आर्थर, वेडेल आणि हेन्री हे तिघे मुलगे याच कामात वाढले. थिया घरच्यांबरोबर कामगारांच्याही जेवणाखाण्याकडे बघायची. लोक तिला मदर फॉस म्हणत. जी कामं आज कंपनीच्या ताळेबंदात मजुरी, खानपान, रात्रपाळी अशा वेगवेगळ्या ओळींत दिसतात, ती सगळी एका बाईच्या दिवसात सामावलेली होती. कौटुंबिक धंद्याच्या इतिहासात ही गोष्ट नेहमी मागे पडते. या कंपनीच्या बाबतीत तरी संस्थापक म्हणून थियाचं नाव आधी घेतलं जातं, आणि ते योग्यच आहे.

ओंडके, भरती आणि ओहोटी

वल्ह्यांच्या जागी इंजिनं आली आणि लाँचेस आल्या. कंपनीचं नाव पुढे कितीतरी वर्षं फॉस लाँच अँड टग कंपनी असंच राहिलं: लाँच आधी, टग नंतर, ज्या क्रमाने धंदा वाढला त्याच क्रमाने. बोटीत इंजिन आल्यावर ओढण्याची कामं घेता येऊ लागली आणि त्या भागात ओढण्यासारखी सगळ्यात मोठी वस्तू होती लाकूड.

लाकूड ओढणं म्हणजे काय, ते जरा थांबून पाहण्यासारखं आहे. प्युजेट साउंड ही समुद्राची जमिनीत खोलवर शिरलेली, फाटे फुटलेली खाडी. तिच्या काठाच्या जंगलात झाडं तोडत, ओंडके पाण्यात ढकलत, लांबलचक ओंडक्यांची चौकट करून आतमध्ये शेकडो ओंडके कोंडत. असा तरंगता तराफा टग गिरणीपर्यंत ओढून नेई. त्याचा आकार पाण्याला इतका अडवतो की वेग ताशी तीन-चार किलोमीटरच्या वर जात नाही. जास्त जोर लावला तर ओंडके चौकटीखालून निसटतात आणि मागे पाण्यात मोकळे फिरत राहतात.

आता टाकोमाजवळच्या अरुंद भागात भरती-ओहोटीचा प्रवाह ताशी सात-आठ किलोमीटरपर्यंत पोचतो. म्हणजे प्रवाह तराफ्याच्या दुप्पट वेगाने धावतो. उलट दिशेने गेलं तर इंजिन पूर्ण जोरात चालवूनही मागे मागे जायचं. म्हणून तिथला टगचा कप्तान आधी भरतीचं कोष्टक बघे आणि मग इंजिनाकडे वळे. प्रवाह सोबत असेल तेव्हा निघायचं, फिरला की आडोशाला तराफा बांधून सहा तास वाट पाहायची, पुन्हा निघायचं. कोकणातल्या खाड्यांत होडी चालवणाऱ्या कोणालाही हे वेगळं सांगावं लागणार नाही. कुठल्या वळणावर उलटा भोवरा सापडतो, कुठल्या टोकाच्या आड पाणी शांत असतं, हे ज्ञान कागदावर नसे. ते वर्षानुवर्षं त्याच पाण्यात फिरलेल्या माणसांकडे असे आणि अशी माणसं टिकवून ठेवणं हीच कंपनीची पुंजी होती.

पुढे सिएटलमध्येही बस्तान बसलं. मुलांमध्ये कामाची वाटणी झाली. वेडेल कायदा शिकलेला होता, हेन्रीने टाकोमाची बाजू सांभाळली. थिया १९२७ साली गेली, अँड्र्यू १९३७ साली. तोवर काठावरच्या होड्यांचा धंदा एका मोठ्या प्रादेशिक कंपनीत बदलला होता.

एका टगचं आयुष्य

कंपनीच्या बोटींना घरातल्या माणसांची नावं देण्याची रीत होती. त्यातली आर्थर फॉस ही लाकडी टग जगप्रसिद्ध झाली आणि तिच्यावरून टगच्या कामाचा पल्ला कळतो. ती बांधली गेली १८८९ मध्ये पोर्टलंडला, वॉलोवा या नावाने. कोलंबिया नदीच्या मुखाशी वाळूचे उथळ बांध आहेत आणि त्यांवर प्रचंड लाटा फुटतात. शिडाच्या जहाजांना तिथून आत-बाहेर ओढून नेणं हे तिचं पहिलं काम. १८९८ मध्ये क्लोंडाइकच्या सोन्याच्या हव्यासाने लोक उत्तरेकडे लोटले तेव्हा ती अलास्कात गेली. मग पंचवीस वर्षं लाकडाच्या कंपनीसाठी ओंडके ओढले. १९२९ मध्ये फॉसने ती घेतली, १९३३ च्या एका हॉलिवूड चित्रपटात ती झळकली आणि १९३४ मध्ये वाफेचं इंजिन काढून ७०० अश्वशक्तीचं डिझेल इंजिन बसवल्यावर तिला थोरल्या मुलाचं नाव मिळालं.

वाफ जाऊन डिझेल आलं याचा अर्थ इथेही तयारीशीच निगडित आहे. थंड बॉयलर तापवून वाफ धरायला तास न् तास जातात. म्हणून वाफेची टग तयार ठेवायची तर काम नसतानाही आग पेटती ठेवावी लागते आणि भट्टीशी माणूस लागतो. डिझेल इंजिन थोड्या वेळात सुरू होतं, माणसं कमी लागतात, इंधनाला जागा कमी लागते. टगधारकांनी वाफ सोडली त्यामागचं मोठं कारण वेगापेक्षा हे होतं.

१९४१ मध्ये आर्थर फॉस पॅसिफिक महासागराच्या मधोमध होती. अमेरिकन नौदल वेक बेटावर तळ बांधत होतं आणि हवाईहून बार्ज, म्हणजे स्वतःचं इंजिन नसलेल्या सपाट मालबोटी, ओढून नेण्याच्या कामात फॉसच्या टग होत्या. नोव्हेंबरच्या अखेरीस ती रिकाम्या बार्ज घेऊन वेकहून परत निघाली. वाटेत रेडिओवर पर्ल हार्बरवरच्या हल्ल्याची बातमी आली. पांढरी-हिरवी बोट उघड्या समुद्रात लांबून दिसणार. खलाशांनी हाताशी असलेला रंग कालवून तिला करडी केली आणि ती हवाईला सुखरूप पोचली. हल्ल्याआधी वेक सोडणारी ती शेवटची बोट ठरली. कंपनीचीच जस्टीन फॉस ही टग मात्र बेटावर राहिली आणि २३ डिसेंबरला बेट जपानच्या हाती पडलं. बंदरसेवेचा धंदा म्हटला की आपल्या डोळ्यासमोर फक्त धक्का येतो. दोराच्या एका टोकाला काय बांधलंय आणि दुसऱ्या टोकाची माणसं कुठपर्यंत जातात, याचा अंदाज अशा हकिगतींवरून येतो. आर्थर फॉस १९६८ पर्यंत कामावर होती. १९८९ मध्ये, तिच्या शंभराव्या वर्षी, तिला राष्ट्रीय ऐतिहासिक वारशाचा दर्जा मिळाला.

टग उलटते कशी

टगच्या कामातला सगळ्यात वाईट अपघात समजून घेतल्याशिवाय पुढचा बदल कळणार नाही. जुन्या पद्धतीच्या टगचा पंखा मागे असतो आणि ओढायचा दोर साधारण मध्यभागी, थोडा मागे, एका हुकाला अडकवलेला असतो. दोर सरळ मागे ताणलेला असेल तोवर सगळं ठीक. पण पुढे जाणाऱ्या जहाजाने वेग वाढवला किंवा अनपेक्षित वळण घेतलं, तर दोर टगच्या बाजूने आडवा ताणला जातो. आता जहाज टगला ओढतंय, तेही आडवं. बुटकी असली तरी बोट एका कुशीवर झुकते, कड पाण्याखाली जाते, उघड्या दारातून पाणी आत शिरतं. काही सेकंदांत ती उलटते. आत इंजिनरूममध्ये असलेल्या माणसाला वर यायलाही वेळ मिळत नाही. हुक झटक्यात सुटण्याची सोय असते, पण ती वापरायचा क्षण हुकला तर हुकलाच. आपला मुलगा, भाऊ, शेजारी त्याच बोटीवर असलेल्या घरगुती कंपनीला या धोक्याची जाणीव हिशेबाच्या वहीतून करून घ्यावी लागत नसे.

यावर उत्तर निघालं ते टगची रचनाच फिरवून. ट्रॅक्टर टगमध्ये ढकलणारी यंत्रणा पुढच्या बाजूला, बोटीच्या पोटाखाली असते आणि दोर मागच्या बाजूला. जहाजाने टगला ओढायला सुरुवात केली तर ती दोराच्या टोकाला गोल फिरून आपोआप दोराच्या रेषेत येते. आडवी होत नाही, म्हणून उलटत नाही. ही यंत्रणा ऑस्ट्रियन अभियंता अर्न्स्ट श्नायडर याच्या १९२० च्या दशकातल्या कल्पनेवरची. बोटीखाली एक मोठी तबकडी फिरते आणि तिच्या कडेला चार-पाच उभी पाती खाली लोंबतात, ताकात सोडलेल्या रवीसारखी. प्रत्येक पात्याचा कोन फिरता फिरता बदलता येतो, त्यामुळे जोर पुढे, मागे, बाजूला, हवा त्या दिशेला क्षणात वळवता येतो. सुकाणूची गरजच राहत नाही. दुसरा प्रकार म्हणजे पूर्ण गोल फिरणारे पंखे बोटीच्या मागच्या बाजूला बसवायचे. आज जगातल्या बहुतेक नव्या बंदर-टग या दुसऱ्या प्रकारच्या असतात, कारण बांधायला त्या स्वस्त पडतात.

फॉसने १९८० च्या दशकाच्या सुरुवातीला अशा उभ्या पात्यांच्या ट्रॅक्टर टग आणल्या आणि त्यांना नावं दिली वेडेल फॉस आणि हेन्री फॉस. पण तोवर कंपनी फॉस घराण्याची राहिली नव्हती.

घराण्याच्या हातून

१९६९ मध्ये कुटुंबाने कंपनी हवाईच्या डिलिंगहॅम कॉर्पोरेशनला विकली. ऐंशी वर्षांचा धंदा. अशा विक्रीत लोक भांडणं शोधतात. घरात काय बोलणं झालं ते घरातल्यांना माहीत, पण टग धंद्याचं अर्थकारण असं आहे की तिसऱ्या पिढीपर्यंत दोन गोष्टी हमखास समोर येतात. पहिली म्हणजे भांडवल. पाच डॉलरच्या होडीत चूक झाली तर पाच डॉलर जातात. नव्या टगची किंमत घराण्याच्या सगळ्या मिळकतीइतकी असू शकते आणि एक टग पुरत नाही. एक दुरुस्तीला असताना दुसरी तयार हवी. दुसरी गोष्ट म्हणजे वारस. तीन भावांचे हिस्से त्यांच्या मुलांत, नातवंडांत वाटले जातात. त्यांतले काही बोटीवर काम करतात, काही दुसऱ्या शहरात असतात आणि त्यांना दरवर्षी लाभांश हवा असतो. नफा नव्या बोटीत घालायचा की वाटायचा, या प्रश्नावर दोघांचंही म्हणणं बरोबर असतं. मृत्युकर असलेल्या देशात तर प्रत्येक मृत्यूनंतर रोख रक्कम उभी करावी लागते आणि टगचा अर्धा भाग विकता येत नाही.

मोरन घराण्याची कंपनीही शेवटी घराबाहेर गेली. मॅकॅलिस्टर टिकले. दोन्ही परिणाम सारख्याच धंद्यात घडले आहेत, तेव्हा ‘कौटुंबिक म्हणजे चिवट’ किंवा ‘कौटुंबिक म्हणजे कालबाह्य’ ही दोन्ही विधानं मला घाईची वाटतात. फॉसच्या बाबतीत आणखी एक वळण आलं. १९८७ मध्ये सिएटलच्या एका खासगी गुंतवणूकदार गटाने कंपनी डिलिंगहॅमकडून घेतली. तोच गट आज सॉल्टचक या नावाने ओळखला जातो आणि तोही शेअर बाजारात नसलेला, कौटुंबिक मालकीचा आहे. बोटींचा पांढरा-हिरवा रंग आणि नावांची रीत या सगळ्या उलथापालथीत कायम राहिली.

तेल सांडल्यावर

२४ मार्च १९८९ ला अलास्कात एक्सॉन व्हाल्डीझ हे तेलवाहू जहाज खडकावर चढलं आणि सुमारे चार कोटी लिटर कच्चं तेल समुद्रात गेलं. पुढच्याच वर्षी अमेरिकेने नवा कायदा केला. त्यातली एक तरतूद अशी होती की अलास्कातलं प्रिन्स विल्यम साउंड आणि प्युजेट साउंड या दोन ठिकाणी एकेरी बुडाच्या भरलेल्या तेलवाहू जहाजांसोबत दोन रक्षक बोटी असल्याच पाहिजेत. यामुळे टगच्या कामाची व्याख्याच वाढली. धक्क्याजवळ थांबून राहणारी बोट आता जहाजाबरोबर मैलोन् मैल धावू लागली, फक्त ‘जर’साठी: जर इंजिन बंद पडलं, जर सुकाणू अडकलं.

इथे एक गंमतीचं भौतिकशास्त्र आहे. जहाज ताशी अठरा-वीस किलोमीटरने जात असताना टगने नुसत्या इंजिनाने त्याला अडवायला जाऊ नये. टग जहाजाच्या मागे दोराने बांधलेली असते. गरज पडली की ती स्वतःला प्रवाहात तिरकी करते. वाहतं पाणी तिच्या रुंद बुडावर आणि त्याखालच्या मोठ्या उभ्या पट्ट्यावर आदळतं आणि दोरावर येणारा ताण तिच्या इंजिनाच्या ताकदीच्या बराच वर जातो. पाण्याचा जोर वापरून जहाज वळवायचं आणि थांबवायचं. वेग जितका जास्त, तितका हा उपाय प्रभावी. फॉसने १९९० च्या दशकात खास या कामासाठी लिंडसे फॉस आणि गार्थ फॉस या दोन मोठ्या टग बांधून घेतल्या. कायद्याने मागितलेली तयारी पुरवायला त्यांच्याकडे बोटींची विद्या आधीपासून होती.

रिकाम्या वेळेचा धूर

सतत तयार राहण्याची एक किंमत बंदराजवळ राहणारे लोक मोजतात. टगची इंजिनं पूर्ण ताकदीसाठी बांधलेली असतात आणि बराच वेळ मंद चालत राहतात. मोठं डिझेल इंजिन मंद चालवणं म्हणजे इंधन नीट न जळणं आणि काजळी. टाकोमाचीच गोष्ट घ्या: गिरण्या, कारखाने आणि बंदर यांनी शंभर वर्षांत कमेन्समेंट बेची अशी अवस्था केली की १९८३ मध्ये अमेरिकेच्या सर्वाधिक दूषित जागांच्या राष्ट्रीय यादीत तिचं नाव आलं. शहराच्या मधोमध असलेल्या ज्या जलमार्गाला नंतर थिया फॉसचं नाव दिलं, तोही याच दूषित भागात होता आणि त्याच्या तळाचा गाळ साफ करायला पुढे कितीतरी वर्षं लागली.

२००९ मध्ये फॉसने कॅरोलिन डोरोथी ही जगातली पहिली हायब्रिड टग दक्षिण कॅलिफोर्नियाच्या बंदरांत उतरवली. तिची कल्पना टगच्या वेळापत्रकातूनच निघाली आहे. थांबलेली असताना किंवा हळू जाताना बॅटरी आणि लहान जनरेटर. मोठी इंजिनं फक्त खऱ्या ओढाताणीसाठी. कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या संशोधकांनी तशाच साध्या टगशी तिची तुलना केली तेव्हा बारीक कणांचं प्रदूषण ७३ टक्के, नायट्रोजनच्या ऑक्साइडांचं ५१ टक्के आणि कार्बन डायऑक्साइड २७ टक्के कमी निघाला. लांब पल्ल्याच्या जहाजावर हीच यंत्रणा एवढा फायदा देणार नाही, कारण ते सतत एकाच भारावर चालतं. टगचं काम तुटक असतं आणि म्हणून ती बदलाला सगळ्यात सोपी.

हा धागा आता आपल्या किनाऱ्यापर्यंत आला आहे. भारत सरकारने २०२४ मध्ये हरित टगसाठीचा कार्यक्रम जाहीर केला. पहिल्या टप्प्यात चार बंदरं आहेत: न्हावा-शेवाचं जवाहरलाल नेहरू बंदर, कांडल्याचं दीनदयाळ, पारादीप आणि तुतिकोरिनचं चिदंबरनार बंदर. २०२७ अखेरपर्यंत प्रत्येकाने किमान दोन हरित टग घ्यायच्या किंवा भाड्याने चालवायच्या आहेत. भाड्याने हा शब्द महत्त्वाचा आहे, कारण टग खासगी मालकाची आणि बंदराशी करार काही वर्षांचा, अशी पद्धत आपल्याकडेही रुळली आहे. मालक बोट विकत घेण्याआधी विचारणार की कराराची मुदत बॅटरीच्या आयुष्याइतकी तरी आहे का.

आणि धक्क्यावर एक नवा पेच तयार होतो. आजवर दोन जहाजांच्या मधला मोकळा वेळ टगला नुसतं उभं राहायला पुरत होता. बॅटरीवरच्या टगला त्याच वेळात चार्जिंग करायचं आहे आणि मध्येच हाक आली तर अर्धवट चार्जवर निघायचं आहे. त्यामुळे बॅटरी केवढी घ्यायची हे ठरवताना इंजिनाच्या अश्वशक्तीबरोबरच त्या बंदरात जहाजं किती अंतराने येतात, भरतीच्या वेळेला ती एकदम किती जमतात आणि धक्क्यावर वीज देणारी जागा किती टगना एका वेळी पुरते, हे आधी मोजावं लागतं.